साउंडबार घ्यायचाय : अण्णांना 'काय म्हणाली ती?' विचारावं लागू नये एवढंच

घोंगडेवस्तीकर (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. ३२ इंचांवरच्या टीव्हीचा जीएसटी २२ सप्टेंबर २०२५ पासून २८ वरून १८ टक्क्यांवर आला, तेव्हा दिवाळीत हिंमत करून ४३ इंची टीव्ही घेतला. चित्र एक नंबर. आवाज मात्र आमच्या जुन्या डबा टीव्हीपेक्षा वाईट. डबा समोर तोंड करून बोलायचा, हा भिंतीकडं तोंड करून पुटपुटतो.

घराची माहिती देतो, म्हणजे उलटे प्रश्न येणार नाहीत. सोलापुरात अशोक चौकाच्या अलीकडं जुनं घर. बाहेरची खोली साधारण १० बाय १४, खाली शहाबादी फरशी, भिंती मोकळ्या, वर पत्रा. शेजारी मागाचा कारखाना, सकाळपासून खटक-खटक चालू. उन्हाळ्यात पारा ४२-४३ वर गेला की कूलर दिवसभर. पाणी यायच्या दिवशी मोटारीचा आवाज वेगळा.

अण्णांनी ३४ वर्षं माग चालवला. आता वय ६६. टीव्हीचा आवाज १०० पैकी ६० ला असतो, तरी दर दोन मिनिटांनी आईला विचारतात, "काय म्हणाली ती?" आई सांगते. ती सांगेपर्यंत पुढचा डायलॉग निघून जातो, मग तोही सांगावा लागतो. म्हणजे अण्णा मालिका बघतात टीव्हीवर आणि ऐकतात आईकडून. रात्री आईची तेलुगू मालिका असते, तेव्हा तर आईचा पार घसा बसतो.

म्हणून साउंडबार, म्हणजे टीव्हीखाली ठेवायचा लांबट स्पीकर, घ्यायचाय. बजेट आठ हजार, ताणून दहा. नवी पेठेत एका दुकानात विचारलं तर म्हणाले ५.१ घ्या, त्याच्याखाली बघूच नका. २.०, २.१, ५.१ यात आमच्यासाठी काय? ब्लूटूथवर भागेल का?

बेसवाला_बे

२.१ च्या खाली घेऊ नको बे. सबवूफर (जाड, धडधडणाऱ्या आवाजाचा वेगळा डबा) नसलेला साउंडबार म्हणजे शेंगाचटणी नसलेली कडक भाकरी. माझ्याकडं सोनीचा एचटी-एस२०आर आहे, ५.१, ४०० वॉट. बार पुढं, दोन छोटे स्पीकर मागं, खाली सबवूफर. मॅच लागली की घरात पार्क स्टेडियम. तुझ्या बजेटच्या वर जाईल, पण सेलची वाट बघ. एकदाच घ्यायचं तर दणक्यात घ्यायचं.

फक्त मागच्या स्पीकरला वायर आहे, ती खोलीभर फिरवावी लागते. मी दाराच्या चौकटीवरून नेली. आई रोज बोलते.

सातरस्ता

बेसवाले, तुमची आवड मान्य, पण धागाकर्त्याचा प्रश्न दणक्याचा नाही. त्यांना शब्द ऐकू यायला हवेत.

वॉटच्या आकड्यांबद्दल लिहितो, कारण दुकानात पहिली भूल तिथंच पडते. खोक्यावर '२०० वॉट', '३०० वॉट' असं ठळक छापलेलं असतं. तो बहुतेक वेळा क्षणभराच्या कमाल धडाक्याचा आकडा. खरा आकडा बघायचा तर अडॅप्टर उलटा करा. त्यावर समजा १८ व्होल्ट, ३ अँपिअर लिहिलंय. गुणाकार ५४. म्हणजे भिंतीतून त्या बारला सलग ५४ वॉटच मिळणार. आत येतात ५४ तर बाहेर २०० कुठून पडतील? थोडे उष्णतेत जातात ते वेगळंच. 'आरएमएस' (म्हणजे सलग मिळणारी ताकद) असं स्पष्ट लिहिलेलं असेल तर तो आकडा धरा, नुसतं 'पीक' असेल तर सोडून द्या.

आणि वॉट दुप्पट म्हणजे आवाज दुप्पट, असंही नाही. वॉट दुप्पट केले तर फरक फक्त ३ डेसिबलचा, कानाला जेमतेम कळेल एवढा. कानाला दुप्पट वाटायला साधारण दहापट वॉट लागतात. बहुतेक टीव्हीच्या पोटात दोन्ही स्पीकर मिळून २० वॉटच्या आसपास असतात. १० बाय १४ च्या खोलीला तेवढेही पुरतील. अडचण ताकदीची नाही, दिशेची आहे. चपट्या टीव्हीत स्पीकर खाली नाहीतर मागं तोंड करून बसवलेले असतात, कारण पुढं जागाच नाही. आवाज भिंतीला, फरशीला आपटून तुमच्यापर्यंत येतो आणि शब्दाची धार तिथंच बोथट होते. साउंडबारचा पहिला आणि मोठा फायदा एवढाच, की त्याचं तोंड तुमच्याकडं असतं. बाकी सगळी सजावट.

निवृत्त_वायरमन

सातरस्ता यांना +१. अडॅप्टर उलटा करून बघायचं मी गेली कित्येक वर्षं सांगतोय, दुकानदार रागावतात.

ब्लूटूथवर भागवू नका. गाणी ऐकायला ठीक, टीव्हीला नाही. आवाज सेकंदाचा दहावा-पाचवा भाग उशिरा येतो. ओठ आधी हलतात, शब्द मागून. तुम्हा-आम्हाला नुसतं खटकतं, पण ज्याला कमी ऐकू येतं तो माणूस ओठांकडं बघूनच निम्मं समजून घेत असतो. त्याचा आधारच काढून घेतल्यासारखं होईल.

टीव्हीच्या मागं एचडीएमआयची दोन-तीन भोकं असतील. त्यातल्या एकावरच 'एआरसी' लिहिलेलं असतं. टीव्हीचा आवाज त्याच केबलनं बारला देण्याची ही सोय एचडीएमआय १.४ पासून, म्हणजे २००९ पासून आहे, त्यामुळं तुमच्या नव्या टीव्हीत असणारच. बारवरच्या एआरसीपासून टीव्हीच्या एआरसीपर्यंत एकच केबल. सेट टॉप बॉक्स आत्ता जसा टीव्हीला जोडलाय तसाच राहू द्या. बॉक्सचा आवाज टीव्हीत जाईल, टीव्ही तो बारला देईल. आवाज कमी-जास्त करायला टीव्हीचाच रिमोट चालतो, म्हणजे अण्णांच्या हातात तिसरा रिमोट नको.

ऑप्टिकल केबलनंही (उजेडातून आवाज नेणारी वायर) स्वच्छ आवाज येतो, पण टीव्हीच्या रिमोटनं बारचा आवाज हलत नाही, त्याचा रिमोट वेगळा सांभाळायचा. काही स्वस्त बारवर 'एचडीएमआय' लिहिलेलं असतं आणि 'एआरसी' नसतं. ते नीट वाचून घ्या.

घोंगडेवस्तीकर

वायरमनकाका, बघितलं. तीन भोकं आहेत, दुसऱ्यावर एआरसी लिहिलंय. ऑप्टिकलही आहे. रिमोट आत्ताच दोन आहेत, त्यातला एक कायम गादीखाली. तिसरा खरंच नको.

कर्णपिशाच्च

धागा उशिरा वाचला. मी कान तपासणीच्या कामात आहे, म्हणून एक वेगळीच बाजू मांडते. साउंडबार घ्या, पण आधी अण्णांची ऑडिओमेट्री, म्हणजे कानाची तपासणी, करून घ्या.

३४ वर्षं माग, हे वाक्य वाचूनच मी थांबले. मागाच्या शेडमधला आवाज ९० डेसिबलच्या वर सहज जातो. आपल्याकडच्या कारखान्यांच्या नियमांत आठ तासांसाठी ९० हीच मर्यादा धरलेली आहे. इतक्या आवाजात वर्षानुवर्षं उभं राहिलेल्या माणसाचा आलेख काढला, तर ४००० हर्ट्झच्या आसपास खड्डा पडलेला दिसतो, म्हणजे त्या पट्टीतलं कमी ऐकू येतं. वय वाढतं तसा तो खड्डा वरच्या पट्टीत पसरत जातो. कानाच्या आतल्या ज्या बारीक केसपेशी गेल्या त्या परत येत नाहीत.

याचा टीव्हीशी संबंध असा. बोलण्यातले स्वर, म्हणजे आ, ओ, ऊ, खालच्या पट्टीत असतात आणि त्यांच्यात जोर असतो. व्यंजनं, त्यातही स, श, च, त, ट, फ, वरच्या पट्टीत असतात आणि नाजूक असतात. 'पाट', 'ताट', 'चाट', 'काट' या चारही शब्दांतून पहिलं व्यंजन काढून टाका, चौघांचं 'आट' होतं. अण्णांना 'आट' ऐकू येतंय आणि ते मागच्या-पुढच्या संदर्भावरून ओळखतायत ताट की पाट. म्हणून त्यांची तक्रार 'आवाज येत नाही' अशी नसते, 'कळत नाही' अशी असते. विचारून बघा.

आवाज ६० ला नेला की स्वर आणखी मोठे होतात, व्यंजनं वाढली तरी त्यांच्या कानाला पुरत नाहीत. त्यावर सबवूफर लावला तर खालच्या पट्टीचा गदारोळ उरलीसुरली व्यंजनंही झाकून टाकतो. बेसवाले, तुमच्याशी भांडण नाही, पण या घरात सबवूफर पैसे देऊन दुखणं वाढवेल.

आणखी एक. हळू बोललं तर ऐकू येत नाही आणि जरा मोठ्यानं बोललं तर "ओरडतोस कशाला" म्हणतात, असं होतं का?

घोंगडेवस्तीकर

ताई, तुम्ही आमच्या घरात येऊन गेलात का? शेवटचं वाक्य वाचून आई हसायलीय. रोज तेच होतं.

आणि व्हय, 'कळत नाही' असंच म्हणतात. आम्हाला वाटायचं लक्ष नसतं.

कर्णपिशाच्च

लक्ष सगळ्यात जास्त त्यांचंच असतं. कानावर ताण देऊन ऐकणारा माणूस संध्याकाळी दमतो, चिडतो, शेवटी बोलणंच कमी करतो. तपासणीला अर्धा तास लागतो, दुखत नाही. कानाचं यंत्र लागेल की नाही ते आलेख बघून ठरेल. साउंडबार टीव्हीपुरता आहे, जेवताना तुम्ही काय बोलता ते तो ऐकवणार नाही.

जाता जाता: शेजारच्या कारखान्यात अजून माग चालवतात त्यांच्या कानात बोळे आहेत का, बघा.

जुळेसोलापूर४

कर्णपिशाच्च, प्रतिसाद साठवून ठेवला. माझे सासरे पण मागावरचेच.

मी खोलीबद्दल लिहितो. शहाबादी फरशी, मोकळ्या भिंती, वर पत्रा, म्हणजे टाळी वाजवली तर तीनदा ऐकू येत असेल. खोलीच्या मध्ये उभे राहून वाजवून बघा. मागून 'टन्न' अशी शेपटी आली तर कितीही महागाचा बार आणा, शब्द एकमेकांवर चढणारच.

आमच्या फ्लॅटमध्ये हॉल असाच रिकामा होता. बायकोनं सोलापुरी चादरी काढल्या. एक जाड सतरंजी टीव्हीसमोरच्या फरशीवर, दोन चादरी घडी घालून सोफ्यामागच्या भिंतीवर, खिडकीला जाड पडदा. त्या दिवशी काहीही विकत आणलं नव्हतं, तरी बातम्या स्पष्ट झाल्या. (पाहुणे विचारतात चादर भिंतीवर का टांगलीय. सोलापुरात राहून एवढं चालतं.)

खोटी आशा लावत नाही. एकेरी पातळ चादर फक्त वरच्या पट्टीचा घुमारा थोडा खाते, घुमणाऱ्या जाड आवाजाला तिचं काही वाटत नाही. घडी जाड हवी, भिंतीपासून चार बोटं पुढं टांगली तर आणखी बरं. पण घरात आहे ते आधी वापरून बघा, मग पाकीट काढा.

सबवूफरबद्दल आमचा अनुभव: खालच्या मजल्यावरचे काका तिसऱ्या दिवशी वर आले. बारचा आवाज त्यांना जात नव्हता, पण धडधड स्लॅबमधून थेट त्यांच्या देवघरात उतरायची. तेव्हापासून सबवूफर वायर काढून ठेवलाय, त्यावर कुंडी आहे.

माळवदावरून

अॅटमॉसचं कुणी बोललं नाही अजून. दुकानात तेच विकतात म्हणून विचारतो. खेड्यात आमचं माळवदाचं घर आहे, तिथं छताला आपटून आवाज वरून येणारा बार चालेल का?

सातरस्ता

नाही चालणार. वर तोंड केलेल्या स्पीकरला सपाट, कडक छत लागतं, तेही फार उंच नको. माळवदाला लाकडी तुळया, किलच्या आणि माती, आवाज विखरून जाईल किंवा मुरून जाईल. पत्र्याचा उतार असेल तर आवाज भलतीकडंच जाईल. आणि दहा हजारांच्या आतल्या खोक्यावर 'अॅटमॉस' दिसलं तर वर तोंड केलेले स्पीकर आहेत का ते बघा. बहुतेक नसतात, आत प्रक्रिया करून तसा भास केलेला असतो. वाईट नाही, पण त्यासाठी जादा पैसे का द्यायचे?

आकड्यांचा अर्थ राहिला होता. २.० म्हणजे डावा-उजवा. २.१ म्हणजे त्यात सबवूफर. ३.१ असेल तर मध्ये एक वेगळा स्पीकर, आणि सिनेमातलं बोलणं बहुतांशी त्या मधल्याला दिलेलं असतं. धागाकर्त्याला खरं तर ३.० हवा, पण त्या किमतीत तो सहसा सापडत नाही. म्हणून माझं मत, चांगला २.० आणि त्यावर संवाद उठवणारं बटण.

आणखी एक फुकटचा उपाय. मोबाइल अॅपवरचे सिनेमे टीव्हीवर बघताना ऑडिओच्या यादीत '५.१' निवडलेलं असेल तर ते बदलून साधं स्टिरिओ करा. मधल्या स्पीकरसाठी केलेला आवाज दोन स्पीकरांत कोंबताना संवाद दबतात, संगीत वर येतं. लोक टीव्हीला शिव्या घालतात, चूक त्या एका ओळीची असते.

होटगीरोडची_अक्का

मी फसले ते सांगते, म्हणजे तुम्ही फसणार नाही. मागच्या वर्षी ऑनलाइन सेलमध्ये साडेतीन हजाराचा २.१ घेतला. कंपनीचं नाव घेत नाही. खोक्यावर मोठा आकडा, बारला रंगीबेरंगी दिवे. दिवे उत्तम चालले. चौथ्या महिन्यात सबवूफर घुर्र करायला लागला. वॉरंटी होती, पण सोलापुरात दुरुस्तीचं केंद्रच नव्हतं, पुण्याला कुरिअर करा म्हणाले. तो सबवूफर कुरिअर करायचा खर्च ऐकून मी तो माळ्यावर टाकला. आता गड्ड्याच्या यात्रेला पाहुणे आले की त्यांची पोरं त्यावर बसतात.

तर घेण्याआधी कंपनीच्या साइटवर पिनकोड टाकून बघा, गावात केंद्र आहे का. आणि होल्टेज खालीवर होत असेल तर स्पाइक गार्ड लावा.

बेसवाला_बे

सगळे मिळून मला खलनायक करायलेत बे. ठीक आहे, अण्णांसाठी २.० घे. पण तुझ्यासाठी?

घोंगडेवस्तीकर

माझ्यासाठी हेडफोन.

अपडेट: परवा तपासणी झाली. ताईंनी सांगितलं तसाच आलेख, दोन्ही कानांत ४००० ला खड्डा, उजवा जास्त. डॉक्टर म्हणाले यंत्राचा फायदा होईल. अण्णांनी आलेख बराच वेळ हातात धरला होता. म्हणाले, "उजव्या हाताला जुना माग होता, त्याचा धोटा लई आपटायचा." मला एवढ्या वर्षांत हे माहीत नव्हतं. यंत्राला त्यांनी 'बघू' म्हटलंय. आमच्याकडं 'बघू'चा अर्थ सहा महिने.

चादरीचा प्रयोग केला. आई म्हणाली घरात चादरींचा तोटा नाही, फक्त नवी लावू नको. टाळीची शेपटी अर्धी झाली. टीव्ही ६० वरून ५० वर आला. शनिवारी अण्णांनाच घेऊन दुकानात जातोय. काय बघू?

निवृत्त_वायरमन

तीन गोष्टी. दुकानदार धडाधड गाणं लावेल, त्याला हात जोडून बंद करायला सांगा आणि बातम्या लावा. बाईचा आवाज आणि पुरुषाचा आवाज, दोन्ही. आवाज कमी ठेवा, कारण मोठ्या आवाजात सगळेच बार चांगले वाटतात. आणि तुम्ही मध्ये बोलू नका. अण्णांना वाक्य परत म्हणायला सांगा, 'आवडलं का' विचारू नका. विचारलं तर ते 'चांगलंय' म्हणून मोकळे होतील.

टेप घेऊन जा. ४३ इंची टीव्ही साधारण ९६ सेंटिमीटर रुंद असतो, ९० च्या आसपासचा बार शोभतो. टेबलावर ठेवणार असाल तर बारची उंचीही मोजा. उंच बार टीव्हीच्या रिमोटचा डोळा झाकतो, मग माणूस हात वर करून रिमोट दाबत बसतो.

अक्कलकोटवाला

रुमाल टाकून जागा धरून ठेवतो. माझा टीव्ही जुना आहे, एचडीएमआय आहे पण एआरसी लिहिलेलं नाही. ऑप्टिकल पण नाही. फक्त हेडफोनचं भोक आणि लाल-पांढऱ्या पिना. मला काही आशा?

निवृत्त_वायरमन

आहे की. 'ऑक्स' (साध्या वायरीचं भोक) असलेला बार घ्या. लाल-पांढऱ्या पिना 'आउट' आहेत ना ते बघा, बऱ्याच टीव्हीवर त्या 'इन' असतात. नसतील 'आउट', तर हेडफोनच्या भोकातून वायर. त्यात टीव्हीचा स्वतःचा आवाज बहुधा आपोआप बंद होतो आणि टीव्हीच्या रिमोटनं कमी-जास्तही करता येतो. टीव्ही साधारण पाऊण आवाजावर ठेवा, बाकी बारवरून वाढवा. उलटं केलं तर सूं सूं ऐकू येईल.

घोंगडेवस्तीकर

घेतला मंडळी.

दुकानात पहिल्यांदा त्यांनी गाणंच लावलं. अण्णांनी दोन्ही कानांवर हात ठेवले. मग बातम्या. तीन बार ऐकले, प्रत्येकावर पाच-पाच वाक्यं. सगळ्यात महागड्यावर, सबवूफरसकट, अण्णांनी दोन वाक्यं बरोबर सांगितली. मधल्यावर तीन. २.० वर 'व्हॉइस' बटण दाबल्यावर चार. पाचवं वाक्य मलाही कळलं नव्हतं. दुकानातला पोरगा बघतच राहिला, म्हणाला असं कुणी तपासत नाही.

९० सेंटिमीटर, एआरसी आहे, ऑप्टिकल आहे, अडॅप्टरवर गुणाकार ४८ येतो आणि खोक्यावर १२० लिहिलंय. (तो आकडा मी दुकानदाराला वाचून दाखवला, त्यांनी विषय बदलला.) ६८०० ला पडला. सेवा केंद्र गावातच आहे, अक्का.

आता अडचण. काकांनी सांगितलं तसंच एआरसीला जोडलं, चित्र येतंय, आवाज शून्य. टीव्हीचा रिमोटही बारला जुमानत नाही. परत नेऊ का?

जुळेसोलापूर४

नेऊ नका. टीव्हीच्या सेटिंगमध्ये दोन गोष्टी बघा. एक, सीईसी, म्हणजे टीव्हीच्या रिमोटनं बार चालवायची सोय, चालू करा. प्रत्येक कंपनी त्याला वेगळं नाव देते: सॅमसंगमध्ये 'अॅनीनेट प्लस', एलजीमध्ये 'सिंपलिंक', सोनीत 'ब्राव्हिया सिंक'. ते बंद असेल तर रिमोट बारपर्यंत पोचत नाही, बऱ्याच टीव्हीत एआरसीही जागा होत नाही. दोन, डिजिटल ऑडिओ आउटपुट 'ऑटो' किंवा 'पास थ्रू' असेल तर 'पीसीएम' करा. स्वस्त बारना डॉल्बी (आवाज बांधून पाठवायची एक पद्धत) उलगडता येतंच असं नाही, टीव्ही डॉल्बी पाठवतो आणि बार गप्प बसतो. पीसीएमला टीव्हीच उलगडून देतो.

मग टीव्ही आणि बार दोन्ही भिंतीवरच्या बटणावरून बंद करा, मिनिटभर थांबा, आधी टीव्ही लावा.

घोंगडेवस्तीकर

आला! पीसीएमचीच भानगड होती. आणि सीईसी बंद होतं.

आता तीन रात्री झाल्या. आवाज २४ वर असतो. 'व्हॉइस' कायम चालू. काल आईची तेलुगू मालिका पूर्ण झाली आणि अण्णांनी दोनदाच विचारलं. त्यातलं एकदा ऐकू आलं नाही म्हणून नव्हतं, ती बाई एवढ्या लवकर माहेरी का गेली म्हणून होतं. आईकडं त्याचं उत्तर नव्हतं.

माग चालू असताना दुपारी मात्र अजून ३५ लागतो. आणि कूलर लागला की परत पंचाईत होणार, ते दिसतंयच.

होटगीरोडची_अक्का

नाव सांगा की मालक, ४८ चा गुणाकार घेऊन कुठं हिंडू मी?

घोंगडेवस्तीकर

अक्का, व्यनि (खासगी निरोप) केलाय. इथं नाव टाकलं की सगळे तेच घेतील, आणि मॉडेल दर वर्षी बदलतात. अण्णांसारखी पाच वाक्यं ऐकून घ्या.

बेसवाला_बे

माझा सबवूफर आईनं काल बंद करायला लावला. म्हणाली मला पण कळत नाही ती काय बोलते. तुमच्या धाग्यामुळं झालं हे सगळं.

अक्कलकोटवाला

लाल-पांढऱ्या पिना 'इन' निघाल्या. हेडफोनच्या भोकातून लावलं, चालू आहे. काकांना धन्यवाद. बरं, कूलरचा आवाज कमी करायला काही करता येतं का? पंप घरघरतो.

घोंगडेवस्तीकर

त्यासाठी वेगळा धागा काढा हो, मी पहिला प्रतिसाद देतो. इथं नको, नाहीतर या धाग्याचं काश्मीर होईल, मूळ विषय बाजूलाच राहील.